स्वातंत्र्य मिळालं, पण प्रजासत्ताक कोणासाठी? बोलिव्हारच्या पिढीचा वाद

शमी

दक्षिण अमेरिकेच्या स्वातंत्र्याबद्दल मराठीत जे थोडंफार वाचायला मिळतं ते लढायांपाशी सुरू होतं आणि तिथेच संपतं. सेनापती सान मार्तिनने अँडीज ओलांडून चिली सोडवला, काराकासच्या सिमोन बोलिव्हारने अँडीज ओलांडून बोगोता घेतलं, डिसेंबर १८२४ मध्ये आयाकुचोला बोलिव्हारचा सेनापती सुक्रे याने स्पेनच्या व्हाइसरॉयला कैद केलं. पुढचा काळ एका वाक्यात उरकतात: बंडाळ्या, लष्करशहा, कर्ज. मला ओढ आहे ती या उरकलेल्या भागाची. त्या तीस-चाळीस वर्षांत तिथल्या माणसांनी जो वाद घातला तो मला आजही जिवंत वाटतो, म्हणून हा धागा.

वादाचं मूळ असं. तीनशे वर्षं प्रत्येक कायदा, नेमणूक आणि कर राजाच्या नावाने चालत होता. १८०८ मध्ये नेपोलियनने स्पेनच्या राजालाच अडकवून ठेवलं आणि अमेरिकेतल्या शहरांनी जुन्याच कायद्याचा आधार घेऊन सांगितलं, की राजा नसेल तर सत्ता लोकांकडे परत येते. १८१० मध्ये काराकास, ब्युनॉस आयर्स, बोगोता, सांतियागो इथे एकामागून एक समित्या बसल्या. पण लोक म्हणजे कोण? समितीत बसलेले बहुतेक सगळे क्रियोयो, म्हणजे अमेरिकेत जन्मलेले स्पॅनिश वंशाचे जमीनदार, वकील, पाद्री. बाहेर पेरूमध्ये केचुआ आणि आयमारा बोलणारी, राजाला डोईपट्टी देणारी इंडियन, म्हणजे अमेरिकेच्या मूळ रहिवाशांची, गावं. व्हेनेझुएलात मिश्र वंशाचे पार्दो आणि कोकोच्या मळ्यांवरचे गुलाम. पाम्पाच्या गवताळ मैदानात घोड्यावर आयुष्य काढणारा गाउचो.

पेरूच्या १८२३ च्या राज्यघटनेत या अवघडलेपणाचा एक ठळक पुरावा आहे. नागरिक व्हायचं तर लिहिता-वाचता आलं पाहिजे अशी अट घातली, आणि लगेच पुढे म्हटलं, की ही अट १८४० पर्यंत लागू होणार नाही. म्हणजे सतरा वर्षांत शाळा निघतील आणि इंडियन शिकतील असा भरवसा कायद्यात लिहून ठेवला. तिजोरीने मात्र तेवढी वाट पाहिली नाही. सान मार्तिनने १८२१ मध्ये डोईपट्टी रद्द करून 'यापुढे यांना पेरूवासी म्हणा' असा हुकूम काढला होता. १८२६ मध्ये तीच पट्टी 'इंडियनांचं योगदान' या नावाने परत आली आणि १८५४ पर्यंत टिकली.

बोलिव्हारला ही अडचण दिसत होती. फेब्रुवारी १८१९ मध्ये ओरिनोकोच्या काठी आंगोस्तुराला भाषण करताना तो म्हणाला, की आपण युरोपीय नाही आणि उत्तर अमेरिकनही नाही, युरोपापेक्षा आफ्रिका आणि अमेरिका यांचंच मिश्रण आहोत. उत्तरेकडच्या संयुक्त संस्थानांची राज्यघटना उचलून इथे लावू नका, कायदा त्या त्या देशाच्या माणसांना शोभला पाहिजे. निदान अचूक होतं. पण औषध काय सुचवलं? वंशपरंपरागत सेनेट, बळकट कार्यकारी सत्ता, आणि नागरिकांच्या नीतीवर लक्ष ठेवणारी 'नैतिक सत्ता'. १८२६ मध्ये बोलिव्हियासाठी मसुदा लिहिला तेव्हा तर तहहयात अध्यक्ष आणि आपला वारस निवडायचा अधिकारही त्यालाच. लोक अजून तयार नाहीत, म्हणून तोवर कोणीतरी त्यांना धरून ठेवायचं, हा त्याचा विचार.

माझ्या मते या पिढीतला सगळ्यात मूलभूत विचार त्याच्या गुरूने केला, आणि त्याचंच सगळ्यात कमी ऐकलं गेलं. सिमोन रोद्रिगेस, जन्म काराकास, १७६९. वयात आलेल्या बोलिव्हारला घेऊन फ्रान्सपासून इटलीपर्यंत बराचसा पायी फिरला. रोममध्ये १८०५ साली बोलिव्हारने स्वातंत्र्याची शपथ घेतली तेव्हा हा शेजारी उभा होता. बोलिव्हारने १८२५ मध्ये त्याला बोलिव्हियाच्या सार्वजनिक शिक्षणाचा प्रमुख नेमलं.

बोलिव्हियातल्या चुकिसाकाला त्याने जी शाळा काढली ती जरा जवळून पाहू. रस्त्यावरची गरीब पोरं, त्यात इंडियन आणि मिश्र वंशाचीही. मुलगे आणि मुली दोन्ही. अक्षरओळखीबरोबर सुतारकाम, गवंडीकाम, लोहारकाम. शिकून निघालेल्यांना सरकारी जमिनीवर वसवायचं, म्हणजे जमीनदाराच्या दारात उभं राहायची वेळ येणार नाही. हा धर्मादाय नव्हता, नागरिक घडवायची योजना होती. त्याचं म्हणणं असं: आपण प्रजासत्ताकं स्थापन केली, पण त्यात राहणारी माणसं राजाच्या काळातलीच आहेत. आधी ती घडवा. मुलांना प्रश्न विचारायची सवय लावा, म्हणजे ती हुकमाला किंवा रूढीला नाही, कारणाला मान देतील. आणि प्राचीन इराणातल्या मीड आणि पर्शियन लोकांचा विचार करण्यापेक्षा इंडियनांचा करा, रोमन कवी ओविड समजण्यापेक्षा इंडियन समजणं आपल्या जास्त फायद्याचं आहे.

चुकिसाकातल्या प्रतिष्ठितांना हे सहन झालं नाही. आपल्या घरच्या मुलांनी करवत हातात धरायची? तीही मोलकरणीच्या पोराशेजारी बसून? खर्चावरून बोलिव्हियाचा अध्यक्ष झालेल्या सुक्रेचीही कुरबुर सुरू झाली. १८२६ सालातच रोद्रिगेसने राजीनामा दिला आणि शाळा बंद पडली. पुढे आरेकिपा, कोन्सेप्सिओन, व्हालपाराइसो, लिमा, लाताकुंगा असा तो फिरत राहिला. शिकवलं, लिहिलं, पोटासाठी मेणबत्त्याही केल्या. १८५४ मध्ये पेरूतल्या आमोतापे गावी वारला. आरेकिपाला १८२८ मध्ये त्याने 'अमेरिकन समाज' या ग्रंथाची सुरुवात छापली आणि पुढे लिमाच्या आवृत्तीत ते प्रसिद्ध वाक्य आलं: नमुने शोधायला जायचं कुठे? स्पॅनिश अमेरिका कोणासारखी नाही, तिच्या संस्था आणि तिचं सरकारही कोणासारखं असून चालणार नाही. एक तर आपण नवं घडवू, नाहीतर चुकत राहू.

सुरुवात एवढीच. बेयो, सार्मिएंतो, आल्बेर्दी, मेक्सिकोचे लोक यांच्याबद्दल ज्यांचं वाचन आहे त्यांनी जरूर भर घाला.

खानदेशी

अतिशय माहितीपूर्ण लेख. वाचनखूण साठवली आहे. १८२३ च्या घटनेतलं ते कलम अजिबात माहीत नव्हतं.

एक शंका. वंशपरंपरागत सेनेट आणि तहहयात अध्यक्ष मागणारा माणूस 'मुक्तिदाता' कसा? राजा घालवून पुन्हा राजाच बसवायचा तर इतकं रक्त कशाला सांडलं? त्याच्या काळातल्या कोणी हे त्याला तोंडावर विचारलं का?

अनुस्वार

@खानदेशी, विचारलं, आणि जोरात विचारलं. आंगोस्तुराच्या प्रतिनिधींनी वंशपरंपरागत सेनेट मान्य केलं नाही आणि नैतिक सत्तेचा भाग घटनेत घेतलाच नाही. बोगोतात उपाध्यक्ष सांतान्देर आणि त्याच्या बाजूचे लोक कायद्याच्या राज्याचा आग्रह धरून बसले होते. त्यांच्या महाविद्यालयांत इंग्रज उपयुक्ततावादी विचारवंत बेंथम शिकवला जायचा. १८२८ मध्ये बोलिव्हारने सर्वाधिकार हाती घेतले त्याच वर्षी विद्यापीठांत बेंथमवर बंदी घातली. त्याच सप्टेंबरात त्याच्यावर खुनी हल्ला झाला आणि कट करणाऱ्यांत सुशिक्षित तरुण होते. म्हणजे हा वाद फक्त कागदावर नव्हता.

तरीही मी बोलिव्हारची बाजू थोडी घेणार. १८१५ मध्ये तो सगळं हरून जमैकाला आणि नंतर हैतीला पोचला तेव्हा अध्यक्ष पेत्योंने त्याला बंदुका, दारूगोळा, जहाजं दिली. अट एकच होती, की गुलामांना मुक्त कर. १८१६ मध्ये किनाऱ्यावर उतरताच त्याने सैन्यात येणाऱ्या गुलामांच्या मुक्तीचा जाहीरनामा काढला, आणि पुढे प्रत्येक घटनासभेपुढे गुलामी पूर्ण रद्द करा म्हणून विनवणी केली. नकार दिला तो प्रतिनिधींनी, त्यातल्या मळेवाल्यांनी. १८२१ मध्ये कुकुताला एवढंच ठरलं, की यापुढे गुलाम बाईला होणारं मूल स्वतंत्र, तेही अठरा वर्षं मालकाची चाकरी करून. व्हेनेझुएलात गुलामी पूर्ण संपायला १८५४ उजाडलं. आता सांगा, निवडून आलेल्या सभेवर त्याने किती विश्वास ठेवायचा? तहहयात अध्यक्षाची कल्पना मला पटत नाही, पण ती कुठून आली हे समजतं.

शमी

अनुस्वार, पेत्योंचा उल्लेख केलात हे फार बरं झालं. मात्र त्याच गोष्टीची दुसरी बाजूही आहे. १८२६ मध्ये नव्या देशांची पनामाला परिषद भरली तेव्हा हैतीला बोलावणं गेलं नाही. ज्या प्रजासत्ताकाने सगळ्यात आधी मदत केली त्यालाच बाहेर ठेवलं, कारण ते गुलामांनी उठाव करून स्थापन केलेलं होतं. आणि १८१७ मध्ये पार्दो सेनापती मानुएल पियार याला बोलिव्हारने आंगोस्तुरात गोळ्या घालवल्या. वंशावरून युद्ध पेटवत असल्याचा आरोप त्याच्यावर होता. बंडखोरी तर गोऱ्या सेनापतींनीही केली, त्यांना माफी मिळाली. मला बोलिव्हार खोटा वाटत नाही. काळ्या आणि मिश्र वंशाच्या माणसांच्या मुक्तीवर त्याचा मनापासून विश्वास होता, आणि त्यांच्या सत्तेची त्याला मनापासून भीती होती. या दोन्ही गोष्टी त्याच्या राज्यघटनांमध्ये एकत्र दिसतात.

रुजुवात

मी दिवाणी वकिली करते, त्यामुळे आंद्रेस बेयोबद्दल लिहिल्याशिवाय राहवत नाही. धाग्यात त्याचं फक्त नाव आलंय!

काराकासचाच माणूस, काही काळ बोलिव्हारचा शिक्षक. १८१० मध्ये बोलिव्हारबरोबर इंग्लंडची मदत मागायला लंडनला गेला. बोलिव्हार काही महिन्यांत परतला, बेयो एकोणीस वर्षं तिथेच राहिला. बराच काळ हलाखीत काढला, ब्रिटिश म्युझियमच्या वाचनालयात बसून जुनी स्पॅनिश हस्तलिखितं वाचली, मासिकं चालवली. १८२९ मध्ये चिलीला गेला तो मरेपर्यंत, म्हणजे १८६५ पर्यंत. १८४३ मध्ये चिली विद्यापीठाचं उद्घाटन झालं त्याचा पहिला कुलगुरू तोच.

त्याची दिवाणी संहिता १८५५ च्या डिसेंबरात मंजूर झाली आणि १ जानेवारी १८५७ पासून अंमलात आली. नेपोलियनच्या संहितेची नक्कल म्हणून ती कोणी निकालात काढत असेल तर ते चूक आहे. रोमन कायदा, स्पेनचे मध्ययुगीन कायदे, फ्रेंच संहिता हे सगळं त्याने वर्षानुवर्षं चाळून घेतलं आणि कलमागणिक टिपा लिहिल्या. जमिनीचंच घ्या. त्याने ठरवलं, की जमिनीची मालकी नोंदवहीत नोंद झाल्यावरच बदलेल. नुसत्या खरेदीखताने नाही. जिथे प्रत्येक जहागिरीच्या हद्दीवरून पिढ्यानपिढ्या भांडणं होती तिथे हे केवढं मोठं पाऊल! एक्वादोर, कोलंबिया, एल साल्वादोर यांनी ही संहिता जवळजवळ जशीच्या तशी घेतली.

शमी, तुमच्या प्रश्नाला बेयोचं उत्तर मला असं दिसतं: नागरिक घडेपर्यंत थांबता येत नाही, अध्यक्षाच्या मर्जीवरही सोडता येत नाही, म्हणून सर्वांना एकच, स्पष्ट भाषेतला, वाचून कळेल असा कायदा द्या. माणूस कायद्याने वागता वागता नागरिक होईल.

पण याच संहितेने लग्न झालेल्या बाईला नवऱ्याच्या अधिकाराखाली ठेवलं आणि लग्नाबाहेरच्या मुलाला वारसाहक्कात खाली बसवलं. चिलीत पहिली गोष्ट जायला १९८९ उजाडलं आणि दुसरी जायला १९९८ चा कायदा यावा लागला. मी त्याला मानते, तरी हे लिहिताना हात आखडता घेणार नाही.

दिवेलागण

रुजुवात, सुंदर प्रतिसाद. बेयोवर बोलतोय तर १८४२ चा वाद आलाच पाहिजे.

व्हालपाराइसोच्या 'एल मेर्कुरिओ' वर्तमानपत्रात लोकांच्या बोलीतल्या चुकांची एक यादी छापून आली. त्यावर अर्जेंटिनातून परागंदा होऊन आलेला सार्मिएंतो तुटून पडला. वय एकतीस, विद्यापीठाचं तोंड न पाहिलेला, लिहिण्याची धार मात्र अशी की वाचणाऱ्याला बसू देत नाही. तो म्हणाला, भाषेचे मालक लोक आहेत, आणि व्याकरणकार म्हणजे लोकांच्या रेट्याला अडवण्यासाठी बसवलेलं पुराणमतवादी सेनेट. बेयोने टोपणनावाने उत्तर दिलं, की भाषेत काय आणि राजकारणात काय, जाणकारांचं मंडळ लागतंच. म्हणजे वरवर व्याकरणाचा वाद, पण आत तोच प्रश्न, सार्वभौम कोण?

आणि १८४७ मध्ये बेयोचं व्याकरण आलं ते कोणासाठी, तर नावातच लिहिलंय, अमेरिकन लोकांच्या वापरासाठी. प्रस्तावनेत तो म्हणतो, की आरागोन आणि आंदालुसियाच्या बोलीतले फरक चालत असतील तर चिली आणि व्हेनेझुएलालाही तेवढाच हक्क आहे. त्याला स्पेनची मक्तेदारी नको होती. भीती एकाच गोष्टीची होती, की लॅटिनच्या जशा अनेक भाषा झाल्या तशी स्पॅनिशची शकलं होतील आणि मेक्सिकोचं पुस्तक चिलीत कोणाला वाचता येणार नाही. आज मेक्सिकोपासून पातागोनियापर्यंत एक वाचकवर्ग आहे. त्यामागे बेयोचे कष्ट आहेत असं मी मानतो.

ज्येष्ठमध

सार्मिएंतोचं नाव निघालंच आहे तर मला थोडं कडक बोलायचं आहे. त्याचं गुणगान फार होतं.

१८४५ मध्ये सांतियागोच्या 'एल प्रोग्रेसो' मध्ये त्याचं 'फाकुंदो' क्रमशः छापून आलं. ला रिओखा प्रांताचा घोडेस्वार सरदार फाकुंदो किरोगा याचं चरित्र, पण निशाणा ब्युनॉस आयर्सचा हुकूमशहा रोसास. रोसासच्या राजवटीत प्रत्येकाला छातीवर लाल फीत लावावी लागायची, सरकारी कागदाच्या माथ्यावर 'रानटी एकात्मवाद्यांना मरण' असं छापलेलं असायचं; एकात्मवादी म्हणजे मध्यवर्ती सरकार मागणारे त्याचे विरोधक. त्याविरुद्ध लिहायला छाती लागते, ते श्रेय त्याचंच. पण त्याने मांडणी काय केली? एका बाजूला सभ्यता, म्हणजे शहर, युरोप, पुस्तक, कोट. दुसऱ्या बाजूला रानटीपणा, म्हणजे मैदान, गाउचो, इंडियन, पोंचो.

त्याच पुस्तकाच्या सुरुवातीला तो स्वतः एक प्रसंग सांगतो. १८४० मध्ये मारहाण झालेल्या अवस्थेत देश सोडताना त्याने सोन्दाच्या स्नानगृहाच्या भिंतीवर कोळशाने एक वाक्य लिहिलं: विचारांचा खून करता येत नाही. लिहिलं फ्रेंचमध्ये. सरकारने त्या मजकुराचा अर्थ लावायला माणसं पाठवली, त्यांना अर्थ कळूनही काही उलगडलं नाही. तो हे अभिमानाने सांगतो. मला त्यात त्याच्या सगळ्या विचाराचा दोष दिसतो. आपल्याच लोकांना वाचता येणार नाही अशा भाषेत तो आपल्या देशाचं स्वातंत्र्य लिहितो.

पुढे सत्ता हाती आल्यावर हा दोष कागदावर राहिला नाही. १८६१ मध्ये ब्युनॉस आयर्सचा पुढारी मित्रे याला लिहिलेल्या पत्रात गाउचोंचं रक्त वाचवायचा प्रयत्न करू नका असं तो सरळ लिहितो. १८६३ मध्ये ओल्ताला ला रिओखाचा बंडखोर सरदार 'चाचो' पेन्यालोसा शरण आल्यावर त्याला मारून त्याचं डोकं भाल्यावर लावलं, तेव्हाही सार्मिएंतोने त्या कृत्याची भलामण केली.

नीरा

ज्येष्ठमधकाका, तुमचा राग समजतो, आणि ती पत्रं खरीच आहेत. पण शाळांचं काय? १८६९ ची अर्जेंटिनाची पहिली जनगणना सार्मिएंतोच्याच अध्यक्षपदाच्या काळातली. १८ लाखांच्या आसपास लोकसंख्या, त्यातल्या बहुसंख्यांना लिहिता-वाचता येत नव्हतं. त्याच्या सहा वर्षांत प्राथमिक शाळांतली मुलं सुमारे तीस हजारांवरून लाखावर गेली. १८७० मध्ये परानाला शिक्षकांसाठी नॉर्मल स्कूल काढलं आणि संयुक्त संस्थानांतून साठहून जास्त शिक्षक आणले, त्यात बहुतेक बायका. एकट्या, अविवाहित, प्रॉटेस्टंट बायका अर्जेंटिनाच्या आडगावात जाऊन शिकवत होत्या. १८८४ चा सक्तीच्या मोफत शिक्षणाचा कायदा याच पायावर उभा आहे.

आणि हुआना मान्सोचं नाव कोणीच घेत नाही म्हणून मी घेते. लेखिका, रोसासच्या काळात परागंदा, नवऱ्याने सोडलेली, दोन मुली पदरात. १८५९ मध्ये ब्युनॉस आयर्समधल्या मुलगे-मुली एकत्र असलेल्या शाळेची प्रमुख झाली, पुढे शिक्षणावरचं मासिक चालवलं. तिच्या व्याख्यानांवर लोकांनी दगड मारले. या सगळ्यात सार्मिएंतो तिच्या पाठीशी राहिला. माझ्या आजीच्या पिढीपर्यंत आपल्याकडे बायकांचं शिक्षण किती खेचाखेचीत झालं ते ऐकत मोठी झाले, त्यामुळे त्याला मी एका शब्दात निकालात काढू शकत नाही.

शमी

नीरा, मान्सोबद्दल लिहिल्याबद्दल मनापासून आभार. दगडांची हकीकत वाचली होती, तिच्यावर स्वतंत्र धागा झाला पाहिजे आणि तो तुम्हीच काढा.

ज्येष्ठमध आणि नीरा, तुमच्या दोघांच्या मध्ये मी आल्बेर्दीला आणते, म्हणजे सार्मिएंतोची जागा नीट कळेल. हुआन बाउतिस्ता आल्बेर्दी, तुकुमानचा. १८५२ मध्ये रोसासचा पाडाव झाला तेव्हा हा व्हालपाराइसोत वकिली करत होता. काही महिन्यांत 'पायाभूत तत्त्वं' लिहून काढली, १८५३ ची अर्जेंटिनाची राज्यघटना बरीचशी त्यावर बेतलेली आहे. त्याचं घोषवाक्य: राज्य करणं म्हणजे वस्ती वाढवणं. आणि वस्ती कोणाची? युरोपियनांची. त्याने स्पष्ट लिहिलंय, की गाउचोला, चोलोला (म्हणजे इंडियन-मिश्र वंशाच्या माणसाला) उत्तमातल्या उत्तम शिक्षणातून शंभर वर्षं काढलं तरी त्याचा इंग्रज कामगार होणार नाही.

हे वाक्य पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून ठेवलं होतं. रोद्रिगेस म्हणतो, आहे ती माणसं घेऊन नवं घडवा. सार्मिएंतो म्हणतो, आहे त्यांच्या मुलांना शाळेत घाला, आणि जे आड येतील त्यांना बाजूला करा. आल्बेर्दी म्हणतो, माणसंच बदला, जहाजाने दुसरी आणा. तिघांचाही प्रश्न एक आहे आणि ते एकमेकांपासून किती लांब जातात पाहा.

तरी आल्बेर्दीलाही एका वाक्यावर तोलू नये. सत्तेची हाव धरणाऱ्या पत्रकारितेवरून त्याने १८५३ मध्ये सार्मिएंतोला जाहीर पत्रं लिहून धारेवर धरलं. आणि १८६५ मध्ये अर्जेंटिना, ब्राझील, उरुग्वाय मिळून पराग्वायवर तुटून पडले तेव्हा त्याने स्वतःच्या देशाविरुद्ध लिहिलं, युद्ध हाच गुन्हा आहे म्हणून सांगितलं. देशद्रोही ठरला, तरी मागे हटला नाही. त्या युद्धात सार्मिएंतोने आपला दत्तक मुलगा गमावला, आणि पुढे अध्यक्ष होऊन तेच युद्ध शेवटापर्यंत नेलं.

खानदेशी

सगळे प्रतिसाद वाचले, फार शिकायला मिळतंय. पण एक गोष्ट मला खटकते. सगळी चर्चा इंडियनांबद्दल आहे, इंडियनांनी केलेली नाही. त्यांना स्वतःला काय हवं होतं? शाळा, मत, की आणखी काही?

अनुस्वार

@खानदेशी, हा या धाग्यावरचा सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न. त्यांनी पुस्तकं लिहिली नाहीत, पण अर्ज, खटले आणि उठाव यांतून बोलले. त्यांना हवी होती जमीन, गावाची सामाईक जमीन.

इथे उदारमतवाद्यांचं आणि गावांचं गणित पूर्ण उलटं जातं. बोलिव्हारने १८२४ मध्ये त्रुहियोला आणि १८२५ मध्ये कुस्कोला हुकूम काढले, की सामाईक जमीन वाटून प्रत्येक इंडियनाला स्वतःची द्या आणि गावप्रमुखांचे वंशपरंपरागत हक्क रद्द करा. हेतू त्याला मालक करण्याचा. पण एकट्याची जमीन शेजारचा जमीनदार कर्जात अडकवून घेऊ शकतो, गावाची नाही. त्यामुळे बोलिव्हियातली कितीतरी गावं डोईपट्टी भरायलाच तयार असायची. आम्ही पट्टी देतो, तुम्ही आमच्या जमिनीला हात लावू नका, असा तो जुना समझोता. १८६६ मध्ये बोलिव्हियाचा लष्करशहा मेल्गारेहो याने तो मोडला, सामाईक जमिनी विकायला काढल्या. आयमारा गावांनी उठाव केले, आणि १८७१ च्या जानेवारीत मेल्गारेहोला पळवून लावताना ला पासला जो वेढा पडला त्यात त्यांचे हजारो लोक होते.

मेक्सिकोत तेच. होसे मारिया लुइस मोरा हा तिथला मोठा उदारमतवादी. कायद्यापुढे इंडियन असा कोणी उरलाच नाही, सगळे नागरिक, असं त्याचं म्हणणं. ऐकायला किती न्याय्य! पण इंडियन नाहीत म्हणजे इंडियन गावाची जमीनही नाही. १८५६ च्या लेर्दो कायद्याने संस्थांच्या मालकीची जमीन विकायला लावली. निशाणा चर्चवर होता, घाव गावांवरही बसला. आणि त्या सुधारणांचा पुढारी बेनितो हुआरेस स्वतः सापोतेक, ओआहाकाच्या डोंगरातला, बारा वर्षांचा होईपर्यंत स्पॅनिश न येणारा. त्याच्यावर दुटप्पीपणाचा आरोप मी करणार नाही. आपण जसे कायदा शिकून वर आलो तसे सगळे येतील असा त्याचा प्रामाणिक विश्वास होता. उलट पुराणमतवादी लुकास आलामानला गावांचे जुने हक्क समजत होते, कारण त्याला सगळंच जुनं टिकवायचं होतं.

वर्धाकर

अवांतर, पण पूर्ण अवांतर नाही. गावाच्या जमिनीचा हा प्रश्न मेक्सिकोत १९१० च्या क्रांतीत पुन्हा पेटला आणि क्रांतीनंतरच्या त्या देशात आमच्या वर्ध्याचे पांडुरंग खानखोजे पोचले. गदर चळवळीतले क्रांतिकारक, ब्रिटिशांमुळे मायदेशी येता येईना, म्हणून मेक्सिकोत कृषिशास्त्राचे प्राध्यापक झाले. चापिंगोच्या कृषिविद्यालयात शिकवलं, मक्यावर संशोधन केलं, आणि ज्यांना जमिनी मिळाल्या त्या शेतकऱ्यांसाठी मोफत शेतीशाळा काढल्या. दिएगो रिव्हेराने त्यांना भित्तिचित्रात रंगवलंय. चुकिसाकाच्या शाळेचं वर्णन वाचताना मला त्यांचीच आठवण येत होती: हातात अवजार, पायाखाली जमीन आणि समोर फळा.

शमी

वर्धाकर, अजिबात अवांतर नाही. खानखोज्यांचा हा धागा इथे जोडला गेला याचा फार आनंद झाला.

अनुस्वार, तुमच्या प्रतिसादामुळे रोद्रिगेसबद्दलचं माझं म्हणणं आणखी पक्कं झालं. शाळा आणि जमीन एकत्र द्यायला हवी हे त्याला १८२६ मध्ये कळलं होतं. बोलिव्हारच्या हुकमांत जमीन होती, शाळा नव्हती. सार्मिएंतोकडे शाळा होती, जमीन नव्हती. बेयोकडे जमिनीची उत्तम नोंदवही होती, पण दक्षिण चिलीतल्या आराउकानियाचे मूळ रहिवासी मापुचे त्या नोंदवहीत मालक म्हणून आले नाहीत. त्यांचा प्रदेश चिलीने १८६१ ते १८८३ या काळात लष्कर घालून घेतला.

आता खानदेशींच्या प्रश्नाचं पुढचं टोक. आल्बेर्दीच्या विचारातून आलेलं कलम २५, सरकारने युरोपीय स्थलांतराला उत्तेजन द्यावं, ते अर्जेंटिनाच्या घटनेत आजही आहे. १९९४ मध्ये घटना दुरुस्त केली तेव्हा कलम ७५ मध्ये नवा मजकूर घातला, की इंडियन समाज या राष्ट्राच्या आधीपासून इथे आहेत हे मान्य करून त्यांच्या जमिनींवरचा सामाईक हक्क मान्य केला आहे. जुनं कलम काढलं नाही, नवं शेजारी लिहिलं. सामाईक जमिनीचे खटले लढताना तिथले वकील या नव्या कलमावर बोट ठेवतात. रुजुवात, कायद्याच्या नजरेतून यावर तुम्ही लिहाल का? बोलिव्हियाच्या २००९ च्या घटनेने तर देशाचं नावच 'बहुराष्ट्रीय राज्य' केलंय, तेही त्यात घेता येईल.

मेक्सिकोवर मी वेगळा धागा काढते. मोरा, आलामान, हुआरेस आणि १८६७ नंतर गाबिनो बार्रेदाने आणलेला प्रत्यक्षवाद (विज्ञानाने पडताळता येईल तेच ज्ञान मानणारा विचार), हे सगळं इथे कोंबण्यात अर्थ नाही.

रुजुवात

लिहिते. कलम ७५ वरचे दोन-तीन निकाल नीट वाचून मगच टाकेन, थोडा वेळ द्या.

खानदेशी

+१. मेक्सिकोच्या धाग्याच्या प्रतीक्षेत. त्यात गावांनी केलेले अर्ज आणि खटले जेवढे सापडतील तेवढे घ्या, ही विनंती.